व्हेराग्वाचे ड्यूक: कोलंबसच्या वंशजांचा किताब – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्पेनमधल्या वंशपरंपरागत किताबांपैकी व्हेराग्वाच्या ड्यूकपदाबद्दल मराठी वाचकांच्या मनात बरेच प्रश्न असतात, कारण हे नाव थेट ख्रिस्तोफर कोलंबसशी जोडलेले आहे. या किताबाला मुलूख लाभला तो जेमतेम वीस वर्षे, आणि तोही कागदावरच. नाव मात्र पावणेपाचशे वर्षांहून जास्त काळ टिकले. हे कसे घडले, ते प्रश्नोत्तरांतून मांडले आहे.

व्हेराग्वाचा ड्यूक म्हणजे नेमका कोण?

कोलंबसच्या घराण्याच्या प्रमुखाला मिळणारा हा मुख्य किताब आहे. सम्राट पाचव्या चार्ल्सने १५३७ साली तो कोलंबसचा नातू लुईस कोलोन याला दिला. त्याच्यासोबत 'इंडीजचा ॲडमिरल' (इंडीज म्हणजे अमेरिकेतला स्पॅनिश मुलूख) ही पदवी आणि 'जमैकाचा मार्क्विस' हा किताबही चालत आला. स्पेनमध्ये किताबांची उतरंड ड्यूक, मार्क्विस, काउंट, व्हायकाउंट, बॅरन आणि सेन्योर अशी आहे. ड्यूक सर्वांत वर असून त्याला 'ग्रँडी ऑफ स्पेन', म्हणजे सर्वोच्च सरदार, हा दर्जाही असतो.

'व्हेराग्वा' की 'बेराग्वा'? आणि 'कोलोन' हे कोणाचे आडनाव?

स्पॅनिशमध्ये या शब्दाच्या पहिल्या अक्षराचा उच्चार 'ब'कडे झुकतो. मराठीत 'व्हेराग्वा' रूढ होऊ शकेल असे आहे, म्हणून इथे तेच वापरले आहे. पनामातल्या आजच्या प्रांताचे नाव 'व्हेराग्वास' आहे. त्यातला शेवटचा 'स' किताबात नाही. कोलंबसला स्पॅनिशमध्ये क्रिस्तोबाल कोलोन म्हणतात, तर इटालियनमध्ये कोलोंबो. ज्या कागदात 'कोलोन' दिसते तो स्पेनमधल्या घराण्याचा, असे साधारणपणे धरायला हरकत नाही. 'कोलोंबो' दिसले, तर बहुधा इटलीतला एखादा दावेदार असतो. हे दावेदार पुढे येतीलच.

कोलंबसला मुळात काय कबूल केले होते?

१७ एप्रिल १४९२ रोजी ग्रानादाजवळ सांता फे इथे राणी इसाबेला आणि राजा फर्दिनांद यांनी त्याच्याशी करार केला. त्यात तीन गोष्टी ठळक होत्या. एक, महासागराचा ॲडमिरल हे पद, आणि तेही वंशपरंपरेने. दुसरी, तो जी बेटे आणि मुख्य भूमी शोधेल त्यांचे व्हाइसरॉयपद आणि गव्हर्नरपद. तिसरी, तिथल्या निव्वळ उत्पन्नाचा दहावा हिस्सा, शिवाय जहाजांच्या मोहिमांत आठव्या हिश्श्याचे भांडवल घालून तितकाच नफा घेण्याचा हक्क.

कराराच्या दिवशी ही सगळी कलमे मोकळ्या हाताने लिहिली गेली, कारण समोर काय सापडणार आहे याची कोणालाच कल्पना नव्हती. अख्खे खंडच सापडल्यावर त्याचा दहावा हिस्सा एका कुटुंबाला देणे कोणत्याही राजाला परवडणारे नव्हते. पुढची सगळी भांडणे इथूनच सुरू झाली.

'कोलंबस खटले' कशाबद्दल होते?

१५०० साली राजाचा अधिकारी बोबादियाने कोलंबसला बेड्या घालून परत पाठवले आणि त्याचे गव्हर्नरपद गेले. २० मे १५०६ रोजी वायादोलिद इथे तो वारला. त्याचा मुलगा दिएगो १५०८ मध्ये दाव्याला उभा राहिला. व्हाइसरॉयपद आपल्याला पिढीजात मिळायला हवे आणि ते सगळ्या इंडीजवर असायला हवे, अशी त्याची मागणी होती.

सरकारी वकिलाचे उत्तर दुहेरी होते. राज्यकारभाराचे आणि न्यायदानाचे अधिकार कायमचे कोणाला बहाल करता येत नाहीत, हा पहिला मुद्दा. दुसरा असा, की कोलंबसने स्वतः शोधली तेवढीच भूमी करारात येते, इतरांनी शोधलेली येत नाही. यासाठी पालोस बंदरातले खलाशी साक्षीला आणले गेले. पहिल्या सफरीतला कप्तान मार्तीन अलोन्सो पिन्सोन याचे श्रेय मोठे करून दाखवणे हा सरकारी पक्षाचा मुख्य डाव होता. त्या साक्षी आज पहिल्या सफरीच्या अभ्यासाला फार उपयोगी पडतात. मात्र त्या एका बाजूच्या वकिलाने काढलेल्या प्रश्नांना दिलेली उत्तरे आहेत, हे वाचताना विसरू नये.

सेविया १५११, ला कोरुन्या १५२०, दुएन्यास १५३४ असे निकाल लागत गेले, आणि प्रत्येक वेळी कोणी ना कोणी अपील केले. दिएगो १५२६ मध्ये वारला. त्याची विधवा मारिया दे तोलेदो ही आल्बाच्या ड्यूकची पुतणी. तिने अज्ञान मुलगा लुईस याच्या वतीने दावा पुढे चालवला. तडजोडीच्या श्रेयाचा मोठा वाटा या बाईंचा आहे. वंशावळींमध्ये त्यांचे नाव नुसते 'दिएगोची पत्नी' म्हणून येते, आणि ते खटकते.

१५३६ च्या तडजोडीत घराण्याला काय मिळाले आणि काय गेले?

कार्डिनल गार्सिया दे लोआयसा लवाद होते. जून १५३६ मध्ये त्यांनी निवाडा दिला. गेले ते असे: व्हाइसरॉयपद, गव्हर्नरपद आणि दहावा हिस्सा. मिळाले ते असे: इंडीजच्या ॲडमिरलची पदवी वंशपरंपरेने, जमैका बेट जहागीर म्हणून, व्हेराग्वात २५ लीग (लीग हे अंतराचे जुने माप) लांब आणि २५ लीग रुंद मुलूख, आणि वर्षाला १०,००० दुकादोंचा कायम तनखा.

इथे भाषांतरात हमखास चूक होते. स्पॅनिशमध्ये 'दुकादो' हा शब्द दोन अर्थांनी येतो: ड्यूकचा मुलूख किंवा पद, आणि सोन्याचे नाणे. जुन्या कागदात 'दुकादो' दिसला की आधी मागे आकडा आहे का ते पाहावे. एक दुकादो म्हणजे ३७५ मारावेदी. त्या हिशेबाने १०,००० दुकादो म्हणजे ३७ लाख ५० हजार मारावेदी. रक्कम मोठीच होती, पण मेक्सिको आणि पेरूतल्या चांदीच्या दहाव्या हिश्श्यापुढे ती काहीच नाही.

हा मुलूख नकाशावर कुठे येतो?

पनामाच्या कॅरिबियन किनाऱ्यावर. बेलेन नदीपासून पश्चिमेला सोरोबारोच्या उपसागरापर्यंत त्याची हद्द धरली होती. तो उपसागर आज आल्मिरांते, म्हणजे 'ॲडमिरल', या नावाने ओळखला जातो. तिथल्या एका बेटाचे नाव कोलोन, दुसऱ्याचे क्रिस्तोबाल. कोलंबस आपल्या चौथ्या सफरीत १५०२ मध्ये याच किनाऱ्याने गेला होता.

क्षेत्रफळ काढताना लीग कोणती धरायची हा पेच पडतो. कायद्यातली लीग सुमारे ४.२ किलोमीटरची, तर प्रवासात रूढ असलेली सुमारे ५.६ किलोमीटरची. त्यामुळे चौकोनाची बाजू १०५ ते १४० किलोमीटर येते आणि क्षेत्रफळ सुमारे ११,००० ते १९,६०० चौरस किलोमीटर. कुठे एकच ठाम आकडा छापलेला दिसला, तर त्यात कोणती लीग धरली आहे ते आधी तपासावे.

मग मुलूख परत का दिला?

तिथे वसाहत टिकलीच नाही. खुद्द कोलंबसने १५०३ च्या सुरुवातीला बेलेन नदीच्या मुखाशी सांता मारिया दे बेलेन हे ठाणे वसवले. किबियान या स्थानिक प्रमुखाच्या लोकांनी हल्ले केले आणि काही महिन्यांतच ते सोडावे लागले. १५३५-३६ मध्ये फेलिपे गुतिएरेसची मोहीम उपासमारीने आणि रोगराईने संपली. ड्यूकच्या बाजूने १५४६ मध्ये निघालेली मोहीमही फसली. मुसळधार पाऊस, दाट जंगल, बंदरापासून तुटलेली रसद आणि हार न मानणारे स्थानिक लोक, ही कारणे प्रत्येक वेळी तीच होती. सोन्याच्या अफवा भरपूर होत्या, पण सैनिकाला खायला घालील असे शेत नव्हते.

१५५६ मध्ये लुईसने मुलूख राजाला परत केला. मोबदल्यात ७,००० दुकादोंचा वार्षिक तनखा ठरला. ड्यूक हे नाव त्याने स्वतःकडे ठेवले. पुढच्याच वर्षी सांतो दोमिंगो बेटावरील 'ला व्हेगाचा ड्यूक' हा किताबही त्याला मिळाला. 'व्हेराग्वा' आणि 'ला व्हेगा' ही नावे कानाला जवळची वाटतात, पण हे दोन वेगळे किताब आहेत.

जमैकाचे काय झाले?

प्रत्यक्ष ताब्यात राहिलेली जहागीर हीच. राजधानी व्हिया दे ला व्हेगा, म्हणजे आजचे स्पॅनिश टाउन. मे १६५५ मध्ये इंग्रजांनी बेट घेतले आणि १६७० च्या माद्रिद तहात स्पेनने ते मान्य केले. मार्क्विसपदाचे नाव घराण्यात तसेच चालू राहिले.

पहिला ड्यूक लुईस कसा होता?

सांतो दोमिंगोत जन्मलेला आणि आजोबांच्या कीर्तीवर वाढलेला. एक लग्न कायम असताना दुसरी लग्ने केल्याबद्दल त्याच्यावर खटला झाला आणि उत्तर आफ्रिकेतल्या ओरानला दहा वर्षांची हद्दपारी झाली. १५७२ मध्ये तो तिथेच वारला. या लग्नांमुळे कोणते मूल औरस, हा प्रश्न पुढच्या वारसाच्या वादात सतत डोके वर काढत राहिला.

१५७८ ते १६०८ हा तीस वर्षांचा दावा काय होता?

या किताबाच्या इतिहासातला सर्वांत गुंतागुंतीचा आणि समजून घेण्यासारखा भाग हाच.

लुईसनंतर त्याचा पुतण्या दिएगो कोलोन इ प्राव्हिया वारस झाला. लुईसची मुलगी फेलिपा हिच्याशी त्याचे लग्न झाले होते, म्हणजे दोन्ही बाजूंचे हक्क एका घरात आणण्याचा हा प्रयत्न होता. तो १५७८ मध्ये निपुत्रिक वारला आणि कोलंबसपासूनची औरस पुरुषशाखा खुंटली.

आता निर्णय कशावर घ्यायचा? कोलंबसने १४९८ मध्ये 'मायोरास्गो' करून ठेवला होता. मायोरास्गो म्हणजे वाटणी न होता एकाच वारसाकडे जाणारी मिळकत. मराठी वाचकाने अविभाज्य वतन डोळ्यांसमोर आणावे, पण एक फरक ध्यानात ठेवावा. इथे वारसाचा क्रम मूळ पुरुषाने लेखात घालून दिलेला असतो आणि नंतरच्या कोणालाही तो बदलता येत नाही. कोलंबसच्या लेखात पुरुषांना बायकांवर कडक प्राधान्य होते.

या एका अटीवर दावेदारांची रांग लागली. मेलेल्या दिएगोची बहीण फ्रान्सिस्का रक्ताने सर्वांत जवळची, पण स्त्री. अरागोनचा ॲडमिरल क्रिस्तोबाल दे कार्दोना हा इंडीजच्या दुसऱ्या ॲडमिरलची, म्हणजे कोलंबसचा मुलगा दिएगो याची, मुलगी मारिया हिचा मुलगा, पण तो १५८३ मध्ये वारला. इटलीतून कुकारोचा बाल्दासारे कोलोंबो आला. 'मी कोलंबसच्या कुळातला पुरुष आहे, बायकांच्या शाखा मागे सरा' असे त्याचे म्हणणे होते. लेखाचा शब्दशः अर्थ लावला तर त्याचा मुद्दा पोकळ नव्हता. पण कोलंबसशी नेमके नाते सिद्ध करण्यावर त्याचे घोडे अडले.

१६०८ मध्ये इंडीज कौन्सिलने नुन्यो दे पोर्तुगाल याच्या बाजूने निकाल दिला. दुसऱ्या ॲडमिरलची मुलगी इसाबेल हिचा तो नातू. पुरुष हवा, पण तो कोलंबसच्या स्वतःच्या वंशातला हवा, बायकांच्या शाखेतून आलेला असला तरी चालेल, असा मधला मार्ग निघाला.

फ्रान्सिस्काचे नाव लक्षात ठेवावे.

नुन्योचे घराणे पोर्तुगीज होते. त्याचा गोव्याशी काही संबंध?

थेट नाही, भाऊबंदकीतून आहे. इसाबेलचा नवरा जोर्जे दे पोर्तुगाल, हेल्वेसचा काउंट, हा ब्रागांसा घराण्याच्या धाकट्या शाखेतला. त्याच घराण्याच्या थोरल्या शाखेतला दों कोंस्तांतीनु द ब्रागांसा १५५८ ते १५६१ या काळात गोव्यात व्हाइसरॉय होता आणि १५५९ मध्ये त्याने दमण घेतले. जोर्जेच्या चुलतभावाचा तो मुलगा. कोलंबसच्या पणतू-खापरपणतूंच्या नात्यागोत्यांत गोव्याचा एक व्हाइसरॉय असा येऊन बसतो.

वंश बदलत गेला, तरी 'कोलोन' आडनाव कसे टिकले?

नाव आणि ढाल (घराण्याचे चिन्ह) वारसाने चालवायची, अशी अट अशा मिळकतींना जोडलेली असे. म्हणून पोर्तुगाल घराण्यातले 'कोलोन दे पोर्तुगाल' झाले, लारेआतेगी घराण्यातले 'कोलोन दे लारेआतेगी', आणि काराव्हाहाल घराण्यातले 'कोलोन दे काराव्हाहाल'. आडनाव पाहून अखंड पुरुषशाखा गृहीत धरणे ही नवख्यांची सर्वांत मोठी चूक.

सतराव्या-अठराव्या शतकातले ठळक ड्यूक कोण?

पेद्रो नुन्यो कोलोन दे पोर्तुगाल डिसेंबर १६७३ मध्ये न्यू स्पेनचा, म्हणजे मेक्सिकोचा, व्हाइसरॉय म्हणून रुजू झाला आणि काही दिवसांतच वारला. पणजोबांच्या पणजोबाने जे पद पिढीजात मागितले, ते घराण्याला नेमणुकीने मिळाले आणि आठवडाभरही धड पुरले नाही. त्याचा मुलगा पेद्रो मानुएल सिसिलीचा व्हाइसरॉय होता.

पुढे काटालिना व्हेंतुरा या वारसदार बाईंचे लग्न बर्विकच्या ड्यूकशी झाले. इंग्लंडच्या पदच्युत राजा दुसऱ्या जेम्सच्या अनौरस वंशातले हे घराणे. किताब त्यांच्याकडे गेला.

मग तो त्यांच्याकडे का राहिला नाही?

फ्रान्सिस्कामुळे. १५७८ च्या वादात मागे सारलेल्या तिच्या शाखेने हक्क सोडला नव्हता. १७९० च्या दशकात मारियानो कोलोन दे लारेआतेगी याने दावा जिंकला आणि किताब तिच्या वंशजांकडे आला. त्यानंतर तो याच शाखेत आहे. स्पॅनिश सरदारी कायद्यात 'सरस हक्क' या कल्पनेला केवढे वजन आहे, हे यावरून कळते. ताबा दोन शतके दुसऱ्याकडे असला, तरी थोरल्या शाखेचा दावा उभा राहू शकत होता. आज तसे होत नाही. १९८५ पासून सर्वोच्च न्यायालयाने चाळीस वर्षांच्या निर्वेध ताब्याने हक्क पक्का होतो असे मानले आहे.

व्हेराग्वाचे बैल हे काय प्रकरण आहे?

एकोणिसाव्या शतकात हे घराणे झुंजीच्या बैलांच्या पैदाशीसाठी प्रसिद्ध होते. राजा सातव्या फर्दिनांदकडून आलेला व्हास्केस रक्ताचा कळप त्यांच्याकडे आला. साबणासारखा मळकट पांढरा रंग ही या कळपाची ओळख. १९३० मध्ये डागण्याचा शिक्का आणि कळप हुआन पेद्रो दोमेक याच्याकडे गेला. दोमेक घराण्याने दुसऱ्या रक्ताशी संकर करून वेगळाच वंश घडवला. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरचे ड्यूक क्रिस्तोबाल कोलोन दे ला सेर्दा हे मंत्रीही होते आणि १८९३ च्या शिकागो प्रदर्शनाला अमेरिकेचे पाहुणे म्हणून गेले होते. ते १९१० मध्ये वारले.

विसाव्या शतकात किताबाचे काय झाले?

१९३१ मध्ये प्रजासत्ताकाने किताबांची कायदेशीर मान्यता काढली. त्या वेळचे ड्यूक यादवी युद्धाच्या सुरुवातीला, १९३६ मध्ये, माद्रिदमध्ये मारले गेले. त्यांना मूल नव्हते, म्हणून किताब बहिणीच्या मुलाकडे गेला. १९४८ च्या कायद्याने किताबांना पुन्हा मान्यता मिळाली. ६ फेब्रुवारी १९८६ रोजी नौदलातले व्हाइस ॲडमिरल असलेले १७ वे ड्यूक क्रिस्तोबाल कोलोन दे काराव्हाहाल इ मारोतो यांची एटा या सशस्त्र संघटनेने माद्रिदमध्ये हत्या केली.

आज या किताबाबरोबर पैसा, जमीन किंवा अधिकार मिळतो का?

नाही. १८११ मध्ये कादिसच्या संसदेने सरदारांचे न्यायाधिकार काढले. १८२० च्या आणि मग १८३६ मध्ये पुन्हा लागू झालेल्या कायद्याने मायोरास्गो मोडीत निघाले, म्हणजे मिळकत वाटता आणि विकता येऊ लागली. ग्रँडींना मिळणारे राजनैतिक पारपत्रही १९८४ मध्ये बंद झाले. उरला तो मान आणि 'एक्सेलेंतिसिमो' हे संबोधन. आपल्याकडे संविधानाच्या १८ व्या कलमाने किताब बंद केले आणि १९७१ मध्ये संस्थानिकांचे तनखेही गेले. स्पेनने मधली वाट धरली: लाभ काढले, नाव राजाच्या मान्यतेने चालू ठेवले.

धारक वारल्यावर वारसाने काय करायचे असते?

किताब आपोआप नावावर चढत नाही, मागावा लागतो.

१. न्याय मंत्रालयामार्फत राजाच्या नावे अर्ज करायचा. धारक वारल्यापासून पाच वर्षांच्या आत अर्ज यायला हवा, आणि पहिल्या वर्षात सर्वांत जवळच्या वारसाला प्राधान्य असते.

२. शेवटच्या धारकापासून अर्जदारापर्यंत प्रत्येक दुव्याचे जन्म, विवाह आणि मृत्यूचे दाखले जोडायचे.

३. सरकारी राजपत्रात सूचना निघते. इतर दावेदारांना ३० दिवस मिळतात.

४. मंत्रालय ग्रँडींच्या स्थायी मंडळाचे मत घेते. दावे एकाहून जास्त असतील, तर राज्य परिषदेकडेही विचारणा होते.

५. आदेश निघतो, कर भरायचा, मग राजाचे वारसापत्र हाती येते. आदेशात 'सरस हक्क असलेल्या तिसऱ्या पक्षाला बाध न येता' असे वाक्य असते. ते निव्वळ शिष्टाचाराचे नसते. त्याच्या आधारे कोणीही दिवाणी न्यायालयात जाऊ शकतो.

कराचे दर सरळ वारसाला कमी, आडव्या नातलगाला जास्त आणि पुनरुज्जीवनाला सर्वांत जास्त. पाच वर्षे उलटली की पुनरुज्जीवनाचा अर्ज करावा लागतो. ४० वर्षे रिकामा राहिलेला किताब पुन्हा जिवंत करता येत नाही.

अर्ज बहुधा दाखल्यांवर अडतो. स्पेनमध्ये नागरी नोंदणी १८७१ मध्ये सुरू झाली. त्याआधीच्या दुव्यांसाठी चर्चच्या वह्या लागतात, आणि त्यातल्या बऱ्याच यादवी युद्धात जळाल्या. एकाच माणसाचे नाव तीन कागदांत तीन तऱ्हेने लिहिलेले असते, तेव्हा ती एकच व्यक्ती आहे हे वेगळ्याने सिद्ध करावे लागते.

मुलगी थोरली असेल तर? आणि दत्तक चालतो का?

३० ऑक्टोबर २००६ च्या ३३/२००६ क्रमांकाच्या कायद्यापासून थोरले अपत्य वारस, मग मुलगा असो वा मुलगी. २७ जुलै २००५ रोजी निकालाविना पडलेल्या प्रकरणांनाही हा नियम लावला. आधी पक्के झालेले वारसे मात्र उलटवले नाहीत. १९९७ मध्ये घटना न्यायालयाने मुलग्यांना प्राधान्य वैध ठरवले होते, त्यामुळे हा बदल संसदेलाच करावा लागला. फ्रान्सिस्काला चारशे वर्षे उशिरा मिळालेला न्याय म्हणायला हरकत नाही.

दत्तकाने किताब मिळत नाही. मूळ धारकाचे रक्त लागते. १८४८ मध्ये दत्तक नामंजूर करून इंग्रजांनी सातारा खालसा केला, तो इतिहास ठाऊक असलेल्या वाचकाला हा नियम ओळखीचा वाटेल. पण इथे किताब सरकारजमा होत नाही, पुढच्या रक्ताच्या नातलगाकडे सरकतो.

स्वतः कागद शोधायचे असतील तर कुठे आणि कसे?

खटल्यांचे मूळ दस्त सेवियाच्या 'आर्चिव्हो हेनेराल दे इंदियास' या दप्तरखान्यात, मुख्यतः 'पात्रोनातो' विभागात आहेत. स्पेन सरकारच्या 'पारेस' या संकेतस्थळावर बऱ्याच पानांची छायाचित्रे मोफत पाहता येतात. माद्रिदच्या राष्ट्रीय ऐतिहासिक दप्तरखान्यातला 'कोन्सेहोस' विभाग नंतरच्या काळासाठी उपयोगी. अलीकडचे वारसे सरकारी राजपत्रात सापडतात.

शोधताना ड्यूकच्या क्रमांकावर विसंबू नये. १५७८-१६०८ मधले दावेदार आणि बर्विक शाखा मोजायची की नाही, यावर याद्यांचे आकडे बदलतात. नाव, आईचे आडनाव आणि मृत्यूचे साल ही तिन्ही एकत्र टिपावीत, कारण क्रिस्तोबाल, दिएगो आणि पेद्रो ही नावे पुन्हा पुन्हा येतात. ऑक्टोबर १५८२ मध्ये स्पेनने पंचांग बदलले, तेव्हा त्याआधीच्या तारखा आहेत तशाच घ्याव्यात, दहा दिवस मिळवू नयेत. सोळाव्या शतकातली कोर्टाची सलग, शब्द न तोडणारी लिपी वाचायला सराव लागतो. आधी छापील उतारा असलेले एखादे पान घेऊन मूळ छायाचित्राशी ओळ न् ओळ ताडून पाहावी, मग न वाचलेल्या पानाला हात घालावा.